लॅमिंग्टन रोडचं तयार गेम-कार्ड: मुस्तफा बोलतो, झॅक्सन मुका

मुंबईच्या लॅमिंग्टन रोडच्या इलेक्ट्रॉनिक्स बाजारात मिळणारं, रास्पबेरी पाय या तळहाताएवढ्या कॉम्प्युटरसाठी जुने आर्केड गेम भरून दिलेलं हे 64 जीबीचं मेमरी कार्ड. मेनू देखणा, यादी संपता संपत नाही. काउंटरवर हमखास मुस्तफा लावून दाखवतात, म्हणजे कॅपकॉमचा 1993 चा ‘कॅडिलॅक्स अँड डायनोसॉर्स’. त्याचा आवाज खणखणीत येणारच, कारण तो सगळा रॉममध्येच, म्हणजे मूळ मशीनच्या चिपमधून उतरवलेल्या फाइलींतच असतो. सेगाचा 1982 चा झॅक्सन लावायला सांगा. विमान उडतं, गोळ्या सुटतात, स्पीकर ढिम्म.

झॅक्सनचा आवाज मूळ मशीनमध्ये अ‍ॅनालॉग सर्किटातून निघायचा; रॉममधून उतरवून घेण्यासारखं काही नव्हतंच. म्हणून मेम, म्हणजे हे जुने गेम चालवणारं सॉफ्टवेअर, रेकॉर्ड केलेल्या वेव्ह फाइली वाजवतं. यांना सॅम्पल म्हणतात आणि त्यांची झिप वेगळी असते.

कार्डातलं मेम 2003 हे मेमच्या 0.78 आवृत्तीवर बेतलेलं आहे, तेव्हा सॅम्पलही त्याच आवृत्तीची घ्या. रेट्रोपाय, म्हणजे पायवर गेम चालवणारी सगळी व्यवस्था, तिच्यात सॅम्पलची जागा बायोस फोल्डर, त्यात मेम2003, त्यात सॅम्पल्स. कार्ड भरणाऱ्याने ती गेमच्या रॉम्स फोल्डरखाली भलतीकडेच कोंबली आहेत. गोची अशी की गेमची आणि सॅम्पलची झिप एकाच नावाची, गेमच्या जागी कॉपी करताना ‘रिप्लेस?’ला हो म्हटलं की गेमच गेला. सॅम्पलची झिप उलगडायची नाही, फक्त आत डोकावून बघा: वेव्ह फाइली थेट दिसायला हव्यात. मध्ये फोल्डर असेल तर फाइली बाहेर काढून पुन्हा झिप करा. झिपचं नाव छोट्या इंग्रजी अक्षरांत हवं, पायवरचं लिनक्स कॅपिटल आणि छोटी अक्षरं वेगळी धरतं. सुपर झॅक्सनलाही झॅक्सनचीच झिप पुरते. शेवटी गेम चालू असताना उघडणाऱ्या मेनूतल्या कोअर ऑप्शन्समध्ये सॅम्पल्स चालू आहेत ना ते पाहून गेम बंद करून पुन्हा लावा.

सगळेच गेम गप्प असतील तर सॅम्पलच्या मागे लागू नका. बहुतेकदा आवाज एचडीएमआयऐवजी हेडफोन जॅककडे जात असतो.

हौसेने मेम नवं टाकलंत तर मात्र मुस्तफाच रुसतो, सुरूच होत नाही. त्याला क्यूसाउंड_एचएलई नावाची झिप लागते, आणि ती सॅम्पल्समध्ये नाही, रॉम्समध्ये ठेवायची.

मांडणीला पाच पैकी चार, आवाजाला दोन. गेम बहुतेक बिनपरवान्याचे, हे दुकानात कुणी बोलत नाही. कार्ड बिनब्रँडचं आहे, घरी आल्या आल्या त्याची इमेज, म्हणजे अख्ख्या कार्डाची नक्कल, काढून ठेवा. आणि जाताना इअरफोन न्या, त्या गल्लीच्या कलकलाटात झॅक्सन मुका आहे की नाही हेच कळत नाही.