निखळलेलं बोट: मूळ आयसीडी-१० की अमेरिकेचं सीएम?

कॅच घेताना उजव्या हाताच्या अनामिकेचा मधला सांधा निखळला. आजार-दुखापतींना कोड देणाऱ्या, जागतिक आरोग्य संघटनेच्या आयसीडी-१० या यादीत याचा कोड एस६३.१. कुठलं बोट, कुठला सांधा, डावा हात की उजवा, काही विचारत नाही. जास्त बोटं निखळली तर एस६३.२, संपलं. आकडेवारीला एवढं पुरतं.

अमेरिकेत १ ऑक्टोबर २०१५ पासून लागू असलेल्या आयसीडी-१०-सीएममध्ये, म्हणजे याच यादीच्या तिथल्या विस्तारित आवृत्तीत, हीच दुखापत एस६३.२८४ए होते. २८ म्हणजे मधला सांधा, ४ म्हणजे उजवी अनामिका; डावी असती तर ५. नखाजवळचा सांधा असता तर २८ऐवजी २९. सांधा पूर्ण न निखळता नुसता सरकला असेल तर २३. शेवटच्या ‘ए’ला बरेच नवे कोडर (रुग्णाच्या नोंदी वाचून कोड लावणारे) पहिली भेट समजतात. तसं नाही. सक्रिय उपचार चालू आहेत तोवर ए, नंतरच्या फेरतपासणीला डी आणि मागे राहिलेल्या दोषाला एस.

पुण्या-मुंबईत बसून अमेरिकन चार्ट कोड करणाऱ्यांनी एक सांभाळावं: सीएममध्ये एस६३.१ फक्त अंगठ्याचा आहे. दोन्ही पुस्तकं हाताळणारा इथे हमखास घसरतो.

बिलिंगसाठी माझं मत सीएमच्या बाजूने. डाव्या बोटाचा एक्स-रे आणि उजव्याचं निदान असा घोळ त्यात लगेच उघडा पडतो. पण डॉक्टरांनी नुसतं ‘बोट निखळलं’ एवढंच खरडलं, तर तुमच्या हाती उरतो एस६३.२५९ए, म्हणजे सांधाही अनिश्चित, बोटही अनिश्चित. मग एवढं जाडजूड पुस्तक असून काय उपयोग? अंदाजाने बोट ठरवू नका, डॉक्टरांना क्वेरी पाठवा.