एक कप्पा भुकेच्या आणि जेवणाच्या पुस्तकांचा: पावसाळा ते होळी

आमच्या सांगलीच्या घरात चौथीतला मुलगा, नववीतली मुलगी आणि आटपाडीकडच्या सासूबाई. ताटात भाजी टाकली की सासूबाई बहात्तरचा दुष्काळ काढणार आणि मुलं एकमेकांकडं बघून हसणार, हा रोजचा कार्यक्रम. शेवटी पावसाळ्याच्या तोंडाला मी कपाटातला एक कप्पा मोकळा केला आणि तिथं फक्त खाण्याची आणि उपासमारीची पुस्तकं लावली. काही घरची, काही वाचनालयातून पाळीपाळीनं आणलेली, काही विकत घेतलेली. होळीपर्यंत हा कप्पा सगळ्यांनी वापरला. कुठलं चाललं, कुठलं धूळ खात पडलं, ते लिहिते.

'अन्न वाया घालवू नका' एवढंच सांगणारी चित्रांची पुस्तकं आठवडाभरात मागं गेली. गुळगुळीत कागद, गुबगुबीत गाजरं, शेवटी शहाणा झालेला मुलगा. ताट चाटून पुसून खाल्लं म्हणजे कुणाची तरी भूक भागली, असं ही पुस्तकं सुचवतात. ते खरं नाही, आणि मुलांना ते कळतं.

सगळ्यात जास्त फाटली ती सगळ्यात किरकोळ दिसणारी चोपडी: श्रावणातल्या कहाण्यांची, पिनांनी टाचलेली. तिच्यातली खुलभर दुधाची कहाणी मुलानं पुन्हा पुन्हा वाचून घेतली. राजाला महादेवाचा गाभारा दुधानं भरायचा असतो. दवंडी पिटते, सगळं गाव घरचं सगळं दूध आणून ओततं, वासरं आणि लेकरं उपाशी राहतात, आणि गाभारा काही भरत नाही. दुपारी एक म्हातारी येते. घरच्यांना जेवू घालून, वासरांना पाजून उरलेलं खुलभर दूध ती ओतते आणि गाभारा भरून जातो. मुलाचा पहिला प्रश्न: "राजानं वाड्यातलं दूध आणलं होतं का?" मी पुन्हा वाचून पाहिलं. दवंडी गावाला आहे, वाड्याबद्दल कहाणी गप्प आहे. गावात दूध होतं आणि तरी लेकरं उपाशी होती, ही गोष्ट नऊ वर्षांच्या पोराला इतक्या सरळ सांगणारं दुसरं काही मला मिळालेलं नाही. सोमवारचा उपास वगैरे बाजूला ठेवलं तरी कहाणी उभी राहते.

'तोत्तोचान', म्हणजे जपानी लेखिका तेत्सुको कुरोयानागी यांच्या लहानपणीच्या शाळेच्या आठवणी, दोन्ही मुलांना आवडलं, पण वेगवेगळ्या कारणांनी. तोमोए शाळेचे मुख्याध्यापक कोबायाशी डब्यात 'समुद्रातलं काहीतरी आणि डोंगरावरचं काहीतरी' आणायला सांगतात. कुणाच्या डब्यात एखादं नसलं की त्यांची बायको हातातल्या दोन पातेल्यांतून ते वाढते. ना ओरडा, ना चौकशी. आमच्याकडं लगेच वाद सुरू: सांगलीत समुद्र कुठला, कृष्णेचा मासा चालेल का, की मीठ धरायचं? मुलीला मात्र नंतरची पानं लागली. युद्धामुळं खाऊ मिळेनासा होतो, स्टेशनवरचं कॅरॅमलचं यंत्र रिकामं पडतं आणि पोर त्यात नाणं टाकून बघत राहते. उपासमार थेट न दाखवता टंचाई दाखवावी ती अशी. आठव्या वर्षापासून बिनधास्त द्या.

आता अण्णा भाऊ साठे. त्यांचं वाटेगाव आमच्याच जिल्ह्यातलं, म्हणून नव्हे, पण 'स्मशानातील सोनं' या कप्प्यातली सगळ्यात भारी कथा आहे आणि ती मी मुलीला आधी स्वतः दोनदा वाचून मगच दिली. भीमा धिप्पाड गडी, मुंबईत खाणीवर कामाला. खाण बंद पडते. हातात ताकद आहे, शहरात दुकानं भरलेली आहेत, पण मजुरी नाही म्हणून भाकरी नाही. मग तो स्मशानातली राख चाळतो, पुढं प्रेतं उकरतो. कोल्ह्यांशी झटापट करत प्रेताच्या जबड्यातलं सोनं काढताना त्याची बोटं अडकतात आणि शेवटी दोन बोटं जातात. ज्या दिवशी ती जातात त्याच दिवशी खाण पुन्हा सुरू झाल्याची बातमी येते. मुलगी म्हणाली, "आई, खाण बंदच झाली नसती तर काहीच झालं नसतं." बस, एवढंच कळायला हवं होतं. त्यांचीच 'फकिरा' ही कादंबरी तिनं त्यानंतर आपणहून घेतली. दुष्काळात माणसं जगवायला धान्य लुटणारा नायक तिला लगेच पटला. सासूबाईंना तर तो आधीपासूनच पटलेला आहे.

शरणकुमार लिंबाळे यांची आत्मकथा 'अक्करमाशी' मी मुलांच्या हाताला लागणार नाही अशा जागी ठेवली. शेणातली ज्वारी धुऊन तिची भाकरी करणारी आजी त्यात आहे. कॉलेजच्या वयाआधी ते पान कुणी एकट्यानं वाचू नये असं माझं मत. शाहू पाटोळे यांचं 'अन्न हे अपूर्ण ब्रह्म' (२०१५) मात्र स्वयंपाकघरातच राहिलं. मराठवाड्यातल्या दलितांच्या घरचे पदार्थ, आणि ते तसेच का झाले याचा हिशोब. तेल-मसाला नसताना चव कुठून आणायची, जनावराचा कुठला भाग कुणाच्या वाट्याला यायचा, हे त्यात आहे. इतर पाककृतींच्या पुस्तकांत हा प्रश्नच कधी येत नाही.

सासूबाईंना वाचून दाखवायला व्यंकटेश माडगूळकरांची 'बनगरवाडी' काढली. शेवटी पाऊस दगा देतो, मेंढरं मरतात, धनगर गाव सोडतात. हा भाग त्यांनी मान हलवत ऐकला आणि मग बोलायला लागल्या: मिलोच्या, म्हणजे परदेशातून आलेल्या लाल ज्वारीच्या भाकरी, दुष्काळात वाटलेली सुकडी, आणि रस्त्याच्या कामावर आईबरोबर फोडलेली खडी. मुलं यावेळी हसली नाहीत. त्या कामांमागं तेव्हाचे विधान परिषदेचे सभापती वि. स. पागे यांची कल्पना होती. ती तासगाव तालुक्यातल्या विसापूरच्या बाजूला आधी करून पाहिली गेली, बहात्तरला राज्यभर गेली आणि १९७७ मध्ये तिचा रोजगार हमी कायदा झाला. अर्थतज्ज्ञ अमर्त्य सेन आणि ज्याँ द्रेझ यांनी १९८९ च्या 'हंगर अँड पब्लिक ॲक्शन' या पुस्तकात महाराष्ट्राच्या त्या दुष्काळाचा दाखला घेतलाय: पीक बुडालं, पण कामं काढून मजुरी हातात पडली म्हणून मोठी मनुष्यहानी टळली. १९४३ मध्ये बंगालात सुमारे ३० लाख माणसं गेली, तिथं हेच झालं नव्हतं. इंग्रजी जड आहे, मी ठेचकाळत वाचलं. सासूबाईंना सार सांगितलं तर म्हणाल्या, "मजुरी हातात पडली म्हणं! आठवड्यानं पडायची, आन् मुकादम त्यातबी कापायचा." मोठ्यांना मराठीत सुरुवात करायची तर पी. साईनाथ यांचं 'दुष्काळ आवडे सर्वांना' घ्या. तुकड्यातुकड्यांत वाचता येतं आणि मुकादम त्यात भरपूर भेटतात.

राहिली 'रुचिरा'. कमलाबाई ओगले कुंडलच्या, सून म्हणून सांगलीत आलेल्या. पुस्तक १९७० चं. माप वाटी-चमच्याचं, त्यामुळं घरातली एक वाटी मी त्याच कामाला लावली आणि मुलीला त्यावर सोडलं. तिची पहिली थालीपीठं तव्याला चिकटली, पुढची जमली. आता सुट्टीच्या दिवशी नाश्ता तिच्याकडं. पुस्तक सगळं भरलेलं स्वयंपाकघर गृहीत धरतं, हे पाटोळ्यांनंतर खटकतं, पण शिकवतं नंबर एक.

वस्तू म्हणून तक्रारी: 'रुचिरा' जाडजूड, उघडी ठेवली की मिटते, वर पोळपाट ठेवावा लागतो. ऑनलाइन मागवलेल्या एका कादंबरीत एक फर्मा, म्हणजे पानांचा एक गठ्ठा, उलटा बांधलेला निघाला आणि विकणाऱ्यानं बदलून द्यायला साफ नकार दिला. तेव्हापासून मी प्रत हातात घेऊन, पानं चाळूनच विकत घेते. लांबचं चालत असेल तर स्ट्रॉबेरीच्या दिवसांत महाबळेश्वरजवळच्या भिलारला जा. २०१७ पासून ते पुस्तकांचं गाव आहे, घराघरांत बसून फुकट वाचता येतं, आणि पोरांना काय धरून ठेवतंय ते विकत घेण्याआधी दिसतं.

एकदम सगळं घेऊ नका. घरात पाच-सहा वर्षांचं पोर असेल तर कहाण्यांची चोपडी, आठ-नऊचं असेल तर 'तोत्तोचान', चौदाच्या पुढं अण्णा भाऊ. 'रुचिरा' आणि पाटोळे मात्र जोडीनंच घ्या, शक्यतो एकाच दिवशी.