बायोस फाइलसाठी 499 रुपये दिले आणि ईमेल खातं हातातून गेलं

दादाच्या जुन्या प्लेस्टेशन टूची लेन्स गेली, डिस्क वाचेना. भाच्याला तेच गेम खेळायचे होते, म्हणून लॅपटॉपवर पीसीएसएक्स टू हा फुकट मिळणारा इम्युलेटर, म्हणजे कन्सोलची नक्कल करणारा प्रोग्रॅम, टाकला. त्याने सुरुवातीलाच बायोस मागितला. बायोस म्हणजे कन्सोल चालू करताच जागा होणारा, मदरबोर्डवरच्या चिपमधला प्रोग्रॅम. त्याचा कॉपीराइट सोनीचा, त्यामुळे इम्युलेटरवाले तो सोबत देत नाहीत. आपण अडतो ते इथेच, आणि फसवणारे लोक इथेच टपून बसलेले असतात.

एका ग्रुपवर जाहिरात दिसली: सगळ्या कन्सोलचे बायोस, 499 रुपये. यूपीआय केलं, लगेच लिंक आली. पासवर्ड लावलेली झिप, आणि खाली मेसेज, ‘‘अँटिव्हायरस बंद करून ओपन करा सर, तो उगाच व्हायरस दाखवतो.’’ मी बंद केला. आत ‘बायोस सेटअप’ नावाची एकच ईएक्सई, म्हणजे क्लिक करताच चालू होणारा प्रोग्रॅम. डबल क्लिक केल्यावर काळी विंडो क्षणभर चमकून गेली, बस्स. विकणाऱ्याला विचारलं तर ‘‘रीस्टार्ट करा’’ म्हणाला आणि मला ब्लॉक केलं.

सकाळी उठलो तर ईमेलचा पासवर्ड बदललेला. ओटीपी आलाच नव्हता, कारण ब्राउझरमध्ये आधीच चालू असलेलं लॉगिनच त्या ईएक्सईने उचलून नेलं होतं. माझ्या नावाने मित्रांकडे पैसे मागितले गेले. एकाने 3,000 रुपये पाठवलेसुद्धा. ते मी त्याला भरून दिले, पण त्याला फोन करताना जीभ उचलत नव्हती. 1930 या सायबर फसवणुकीच्या हेल्पलाइनवर तक्रार केली, विंडोज नव्याने टाकलं, दुसऱ्याच फोनवरून सगळीकडचे लॉगिन बंद केले.

तेव्हा कळलं असतं तर वाचलो असतो, अशी गोष्ट सांगतो. बायोस ही इन्स्टॉल करायची वस्तूच नाही. ती चिपची जशीच्या तशी नक्कल असते, इम्युलेटरच्या फोल्डरमध्ये नुसती ठेवायची. तिचा आकारही ठरलेला: प्लेस्टेशन वनची 5,24,288 बाइट, टूची मुख्य फाइल 41,94,304 बाइट. गेमबॉय अ‍ॅडव्हान्सची तर जेमतेम 16,384, आणि एमजीबीए इम्युलेटरला तीही लागत नाही, त्याच्यात पर्यायी बायोस असतो. झिपला पासवर्ड लावतात तो अँटिव्हायरसला आत डोकावता येऊ नये म्हणून.

आणि मला हवा असलेला बायोस घरातच होता! लेन्स गेली तरी चिप शाबूत असते. फ्री एमसी बूट, म्हणजे डिस्कशिवाय बाहेरचे प्रोग्रॅम चालवू देणारं सॉफ्टवेअर, टाकलेलं मेमरी कार्ड मिळवलं (90000 मालिकेतल्या बऱ्याच मशीनवर ते चालत नाही, आमचं त्याआधीचं), पेनड्राइव्हवरून बायोसड्रेन हा चिपमधला बायोस उतरवून घेणारा प्रोग्रॅम चालवला आणि काही मिनिटांत फाइल पेनड्राइव्हवर उतरली. प्रॉपर्टीज उघडून आकडा पाहिला: 41,94,304.

ती जाहिरात अजून चालू आहे. ग्रुपचं नाव बदललंय, भाव 699 झालाय, अँटिव्हायरसचं वाक्य मात्र शब्दन् शब्द तेच आहे.