नेदवेद की रोसित्स्की? मधल्या फळीत खेळू पाहणाऱ्याने कोणाचा खेळ अभ्यासावा

फुटबॉलमध्ये आघाडीवीरांच्या जरा मागे राहून डाव रचणाऱ्या खेळाडूची जागा ज्याला स्वतःसाठी हवी आहे, त्याला कधी ना कधी ठरवावे लागते की अभ्यासासाठी नेमके कोणाचे सामने पाहायचे. जुने सामने आज सहज पाहायला मिळतात, पण हाताशी वेळ मोजकाच असतो. दहा जणांचे थोडे थोडे पाहण्यापेक्षा एकाचेच वर्षभर मन लावून पाहिले तर पदरात काही तरी पडते, असे माझे ठाम मत आहे. चेक प्रजासत्ताकाने या जागेवर दोन फार मोठे खेळाडू दिले : पावेल नेदवेद आणि तोमाश रोसित्स्की. दोघेही प्रागच्या स्पार्टा क्लबातून नावारूपाला आले, राष्ट्रीय संघात अनेक वर्षे एकत्र खेळले, आणि तरीही दोघांची कारकीर्द इतक्या वेगळ्या वाटेने गेली की त्यांपैकी एकाची निवड करताना आपल्याला स्वतःबद्दलही काही ठरवावे लागते. कारेल पोबोर्स्की आणि व्लादिमीर श्मित्सर यांची नावेही याच पिढीतली आहेत, परंतु पोबोर्स्की मुख्यतः उजव्या बगलेवर खेळला आणि श्मित्सरचे स्थान सतत बदलत राहिले, म्हणून त्यांना येथे बाजूला ठेवले आहे.

कारकिर्दीच्या उंचीचा विचार केला तर नेदवेदचे पारडे निःसंशय जड आहे. 1972 मध्ये चेब येथे जन्मलेला हा खेळाडू 1996 च्या युरो या युरोपीय देशांच्या स्पर्धेत इटलीविरुद्ध गोल करून साऱ्या युरोपच्या नजरेत भरला. त्या स्पर्धेच्या अंतिम सामन्यापर्यंत चेक संघ पोहोचला आणि जर्मनीकडून 1-2 असा हरला. त्याच उन्हाळ्यात नेदवेद रोमच्या लाझिओ क्लबात दाखल झाला. 1999 मध्ये कप विनर्स कप या स्पर्धेच्या अखेरच्या आवृत्तीत मायोर्काविरुद्ध विजयी गोल त्याचाच होता, आणि पुढच्याच हंगामात लाझिओने इटलीचे विजेतेपद मिळवले. 2001 मध्ये झिनेदिन झिदान तुरिनच्या युव्हेंटस क्लबातून रिआल माद्रिदला गेला, त्याच उन्हाळ्यात युव्हेंटसने नेदवेदला घेतले. इतक्या मोठ्या खेळाडूच्या पाठोपाठ येण्याचे ओझे सुरुवातीला त्याच्या खेळात दिसत होते. प्रशिक्षक मार्चेल्लो लिप्पी यांनी त्याला डाव्या बाजूच्या चौकटीतून सोडवून आघाडीवीरांच्या मागे मोकळे खेळू दिले, तेव्हा तो खुलला. 2003 मध्ये त्याला बॅलन डी'ओर, म्हणजे युरोपातल्या वर्षातील सर्वोत्तम खेळाडूचा पुरस्कार, मिळाला. योसेफ मासोपुस्त यांना 1962 मध्ये हा मान मिळाल्यानंतर तो मिळवणारा नेदवेद हा पहिलाच चेक खेळाडू होता.

रोसित्स्कीचा जन्म 1980 मध्ये प्रागमध्ये झाला, आणि वडील स्वतः स्पार्टाचे खेळाडू असल्याने फुटबॉल त्याला घरातच मिळाला. तो विशीत असतानाच, जानेवारी 2001 मध्ये, जर्मनीच्या बोरुसिया डॉर्टमुंड क्लबाने त्याला विकत घेतले. 2002 मध्ये त्याने तेथे बुंडेसलिगा या जर्मन लीगचे विजेतेपद मिळवले आणि त्याच वर्षी युरोपीय क्लबांच्या युएफा कपचा अंतिम सामना फेयेनूर्डकडून 2-3 असा गमावला. त्याला 'छोटा मोत्सार्ट' म्हणत असत, आणि हे नाव मला कधीच अतिशयोक्तीचे वाटले नाही, कारण त्याच्या खेळात ताल खरोखरच दिसतो. 2006 मध्ये तो लंडनच्या आर्सेनल क्लबात गेला. रॉबेर पिरेसने सोडलेला सात क्रमांकाचा शर्ट त्याला मिळाला, आणि तेथे तो दहा वर्षे राहिला.

या दहा वर्षांपाशी थोडे थांबले पाहिजे, कारण दोघांच्या तुलनेचे मर्म येथेच आहे. आर्सेनलकडून दहा हंगामांत रोसित्स्की 246 सामने खेळला आणि त्याने 28 गोल केले. युव्हेंटसकडून नेदवेद आठ हंगामांत 327 सामने खेळला आणि त्याने 65 गोल केले. म्हणजे हंगामाला सरासरी पंचवीसच्या आसपास सामने एकाचे आणि चाळीसहून अधिक दुसऱ्याचे. जानेवारी 2008 मध्ये एफए कपच्या न्यूकॅसलविरुद्धच्या सामन्यात रोसित्स्कीला जी दुखापत झाली, तिने त्याला दीड वर्षाहून अधिक काळ मैदानाबाहेर ठेवले आणि 2008 ची युरो स्पर्धाही हिरावून घेतली. सप्टेंबर 2009 मध्ये मँचेस्टर सिटीविरुद्ध तो परतला, त्या सामन्यात त्याने गोलही केला, पण पुढेही दुखापतींनी त्याची पाठ सोडली नाही. आर्सेनलमधल्या शेवटच्या हंगामात तर तो एकाच सामन्यात मैदानावर दिसला. तरुण खेळाडू कौशल्याची तुलना करतात, पण एखाद्या खेळाडूच्या शरीराने त्याला किती शनिवार-रविवार खेळू दिले हा हिशेब मांडत नाहीत. व्यावसायिक फुटबॉलमध्ये हा हिशेब बहुधा सर्वांत निर्णायक ठरतो.

नेदवेदचे बळ त्याच्या फुप्फुसांत आणि दोन्ही पायांत होते. डाव्या-उजव्या कोणत्याही पायाने तो लांबून तितकाच जोरकस फटका मारी, आणि ऐंशीव्या मिनिटालाही त्याचा वेग पहिल्या मिनिटासारखा असे. इटलीत त्याला 'चेक झंझावात' अशा अर्थाचे टोपणनाव मिळाले ते उगाच नव्हे. मात्र हाच आवेग त्याला एकदा फार महागात पडला. मे 2003 मध्ये तुरिनला चॅम्पियन्स लीगच्या उपांत्य फेरीचा परतीचा सामना होता. माद्रिदमध्ये 1-2 असे हरलेल्या युव्हेंटसने रिआल माद्रिदला 3-1 असे नमवले, आणि तिसरा गोल नेदवेदचा होता. त्यानंतर काही मिनिटांतच, मैदानाच्या मधोमध, जेथून तातडीचा कोणताही धोका नव्हता, तेथे त्याने स्टीव्ह मॅकमॅनमनला पाडले आणि त्याला पिवळे कार्ड मिळाले. त्या कार्डामुळे अंतिम सामन्यासाठी त्याच्यावर बंदी आली. पंचांनी कार्ड दाखवल्यावर त्याचा चेहरा कसा कोसळला, ते चित्रीकरणात स्पष्ट दिसते. ज्याला ही जागा खेळायची आहे त्याने ते क्षण पुन्हा पुन्हा पाहावेत. मँचेस्टरला झालेल्या अंतिम सामन्यात युव्हेंटस मिलानकडून पेनल्टी शूटआउटमध्ये हरले, आणि त्या वर्षीचा युरोपातला सर्वोत्तम खेळाडू त्या सामन्यात खेळू शकला नाही.

रोसित्स्कीकडून शिकायचे ते वेगळे आहे. फेब्रुवारी 2014 मध्ये संडरलंडविरुद्ध त्याने केलेला गोल घ्या. चेंडू त्याच्या पायाशी येतो, रोसित्स्की तो देतो आणि लगेच पुढे सरकतो, परत घेतो, पुन्हा देतो. काझोर्ला, विल्शर आणि जिरू या सहकाऱ्यांशी अशी झटपट देवघेव करत तो बचावफळीच्या आत शिरतो, आणि शेवटी पुढे आलेल्या गोलरक्षकावरून चेंडू अलगद उचलून जाळ्यात टाकतो. या साऱ्यात कोठेही शरीराची ताकद लागलेली नाही. चेंडू येण्यापूर्वीच आपल्याभोवती कोण कोठे उभे आहे हे त्याने पाहून ठेवलेले असते, म्हणून त्याला चेंडू थांबवून विचार करावा लागत नाही. डाव्या पायावर घेण्याऐवजी उजव्या पायाच्या बाहेरच्या कडेने चेंडू वळवून देण्याची त्याची सवयही यातलीच आहे, कारण त्यामुळे पाय बदलण्यात जाणारा क्षण वाचतो.

येथे माझा कौल सांगतो. कारकीर्द म्हणून मला नेदवेद अधिक मोठा वाटतो. 2006 मध्ये इटलीतील सामनानिश्चितीच्या प्रकरणामुळे युव्हेंटसला दुसऱ्या श्रेणीत ढकलण्यात आले, तेव्हा चौतिशीतला, बॅलन डी'ओर मिळवलेला हा खेळाडू बुफों, देल पिएरो आणि त्रेझेगे यांच्यासह क्लबातच राहिला आणि संघाला परत वर घेऊन आला. या निर्णयाबद्दल मला त्याच्याविषयी अपार आदर आहे. परंतु पाहून शिकण्यासाठी निवड करायची असेल तर मी रोसित्स्कीचे नाव पुढे करीन. नेदवेदचा दम पडद्यावर पाहून आपल्या अंगी येत नाही, त्यासाठी रोज सकाळी धावावेच लागते, आणि ते कोणाचाही सामना न पाहता करता येते. नजर आणि चेंडूचा पहिला स्पर्श मात्र पाहून बऱ्याच अंशी उचलता येतात. ज्या मुलाकडे मुळातच हलके पाय आणि चपळ डोके आहे, पण पाऊण तासानंतर जो थकतो, त्याने मात्र उलट करावे : नेदवेद पाहावा, चेंडू नसताना तो कोणत्या क्षणी धावायला सुरुवात करतो ते टिपावे, आणि रोसित्स्कीच्या कारकिर्दीकडे शरीराची हेळसांड परवडत नाही याची जाणीव म्हणून पाहावे. दुखापती त्याच्या दोषाने झाल्या असे मला अजिबात म्हणायचे नाही, पण दैव आपल्या हाती नसले तरी तयारी आपल्या हाती असते.

राष्ट्रीय संघापुरते दोघांत फार अंतर नाही. नेदवेदचे 91 सामने आणि 18 गोल, रोसित्स्कीचे 105 सामने आणि 23 गोल, आणि नेदवेदनंतर कर्णधारपद रोसित्स्कीकडेच आले. 2004 च्या युरो स्पर्धेत ग्रीसविरुद्धच्या उपांत्य सामन्यात सुरुवातीच्या मिनिटांतच रोसित्स्कीचा फटका आडव्या खांबावर आदळला, आणि मध्यंतरापूर्वी नेदवेदला गुडघ्याच्या दुखापतीने बाहेर जावे लागले. जादा वेळेतल्या एका गोलाने चेक संघ हरला. चेक फुटबॉलप्रेमींना ती संध्याकाळ आजही सलत असणार.

सुरुवात कोणत्या सामन्याने करावी, असे विचाराल तर 12 जून 2006 चा, गेल्सेनकिर्खेनमधला अमेरिकेविरुद्धचा विश्वचषक सामना निवडावा. चेक संघ 3-0 असा जिंकला, रोसित्स्कीने दोन गोल केले, आणि नेदवेदही त्याच मैदानावर होता. पहिल्यांदा पाहताना चेंडूकडे लक्षच देऊ नये. चेंडू दुसऱ्याकडे असताना रोसित्स्कीची मान किती वेळा डावी-उजवीकडे वळते, तेवढेच पाहावे. मग तोच सामना दुसऱ्यांदा लावावा आणि रोसित्स्कीकडे चेंडू आला की नेदवेद कोणत्या मोकळ्या जागेकडे निघतो, ते कागदावर टिपत जावे.