भित्र्या ठमीसाठी घरी येणाऱ्या प्रशिक्षक ताई: आमचा चार महिन्यांचा अनुभव

दाराची बेल वाजली की आमची कुत्री ठमी पलंगाखाली शिरायची आणि तास-दोन तास बाहेर यायची नाही. शेपूट पोटाशी, अंग थरथरतंय, आवडता खाऊ नाकाशी नेला तरी तोंड फिरवायची.

याआधीच्या एका प्रशिक्षकाने ‘होईल सवय’ म्हणत तिला पट्ट्याने दाराशी धरून ठेवलं आणि बेल वाजवत राहिला. सवय कसली, ती त्या खोलीतच पाऊल टाकेना. आपण तिथे उभे राहून बघत होतो, याचं मला आजही वाईट वाटतं.

या ताई आल्या आणि अर्धा तास ठमीकडे पाहिलंसुद्धा नाही. जमिनीवर, तिच्याकडे पाठ करून बसल्या. आधी पशुवैद्याकडे नेऊन आणा म्हणाल्या. कुठे दुखत-खुपत असलं तरी कुत्रं असं दचकतं.

मग आमच्याच बेलचा आवाज मोबाइलवर रेकॉर्ड केला आणि शेजारच्या खोलीतून, जेमतेम ऐकू येईल इतका बारीक लावला. आवाज झाला की लगेच खाऊ. रोज दोनदा, पाच-पाच मिनिटं, बस. कान वळले पण खाल्लं, तर ठीक. खाल्लं नाही, तर आवाज जास्त झाला, एक पायरी खाली या. झोप आलेली नसताना जांभई, उगाच ओठ चाटणं, डोळ्यांच्या कडेचा पांढरा भाग दिसणं, ही सगळी ताणाची लक्षणं. आम्ही तोवर त्या जांभया बघून ती कंटाळली असं समजत होतो.

माझी एक चूक त्यांनी अचूक पकडली. मी खाऊचा डबा आवाजाच्या आधीच उघडत होतो. “दादा, झाकण आधी वाजलं तर तिला झाकणच सांगतं, आता बेल येणार. उद्या ती डब्यालाही घाबरेल.” तेव्हापासून खाऊ आधीच खिशात.

सहाव्या आठवड्यात कुणीतरी खरी बेल दाबली आणि ठमी पुन्हा पलंगाखाली. ताई फोनवर म्हणाल्या, दोन दिवस काहीच करू नका, मग सगळ्यात बारीक आवाजापासून सुरुवात. बेलची वायरही काढून ठेवायला लावली. हे खरं तर पहिल्याच दिवशी सांगायला हवं होतं. शिवाय त्या लिहून काहीच देत नाहीत, वही आपणच ठेवावी लागते. महिन्याभरात फरक हवा असणाऱ्यांनी त्यांना बोलावू नये.

वायर पुन्हा जोडली ती गेल्या आठवड्यात. बेल वाजली, ठमीचे कान मागे गेले, पलंगाकडे दोन पावलं टाकली, मग थांबून तिने माझ्या खिशाकडे पाहिलं. ढगांच्या गडगडाटाचं काम अजून बाकी आहे. त्यालाही याच ताई.