लग्नाचा कॅमेरा अंगणवाडीत नेला, त्या भाड्याच्या दुकानाचा अनुभव

यवतमाळातलं दुकान आहे, नाव घेत नाही कारण एक तक्रार पण आहे. धंदा मुख्य लग्नाच्या शूटिंगचा, तिथ्या नसल्या की कॅमेरे भाड्यानं देतात, मला दिवसाला १२०० पडले. दारव्ह्याकडच्या एका गावात अंगणवाडीत आठ दिवस बसून तीन-चार वर्षांच्या लेकरांची डॉक्युमेंटरी करायची होती, कॉमेंट्री नाही मुलाखत नाही, लेकरं जे करतील ते नुसतं पाहत राहायचं. कापूस वेचणी चालू, आया सकाळीच वावरात, म्हणून पोट्टे भरपूर हजर.

भाऊंनी पहिलं विचारलं, "ड्रोन पाहिजेन का?" आता अंगणवाडीत ड्रोन उडवून छपराच्या टिनाचं बालपण दाखवू का बावा! मग गिंबल काढला, चालताना कॅमेरा हलू न देणारा दांडा. म्हटलं भाऊ, मला खाली बसून शूट करायचं, बसलेल्या लेकराच्या डोळ्याएवढ्या उंचीवर, म्हणजे जेमतेम दीड फूट. त्यांचे सगळे ट्रायपॉड स्टेजवरच्या नवरानवरीच्या मापाचे. तर ते आत गेले अन् जाड मांजरपाटाची एक पिशवी घेऊन आले, आत सरकी भरलेली. "याच्यावर ठेवा, हालत नाही." खरंच नाही हालला, दाबला तसा बसला, आवाज पण शून्य. अशी फिल्म करायला जमू लागली तीच १९६० च्या आसपास, खांद्यावरचा १६ एमएम कॅमेरा अन् सोबत नेता येणारा नाग्रा रेकॉर्डर आल्यावर. सामानाचं एवढं काय, असं मला वाटायचं, सरकीच्या पिशवीनं समजलं.

आता तक्रार. कॅमेरा लग्नाच्या स्लो मोशनसाठी सेकंदाला ६० फ्रेमवर लावलेला होता अन् कोणी सांगितलं नाही. आपल्याकडं लाईट ५० हर्ट्झची, तिचा ६० फ्रेमशी मेळ बसत नाही, खोलीत एकच ट्यूब, घरी येऊन पाहतो तर भिंतीवर काळे पट्टे सरकतायत, शूटिंगचा पहिला दिवस पाण्यात. २५ फ्रेम अन् शटर १/५० सेकंद केलं की गेलं. चूक माझी पण आहे, बघून घ्यायला पाहिजे होतं, पण दोन शब्द सांगायला काय जातं? अन् दोनपैकी एक बॅटरी फुगलेली निघाली, ती मात्र त्यांनी काही न बोलता बदलून दिली.

माईक मस्त. त्याची केसाळ टोपी एक पोरगी पहिले तीन दिवस ससा समजून कुरवाळत होती, मी तसंही त्या दिवसांत रेकॉर्डिंग सुरूच केलं नव्हतं, कॅमेरा नुसता समोर ठेवून बसलो. चौथ्या दिवसापासून लेकरं लेन्सकडं बघेनाशी झाली. मग एक पोरगा उजवी चप्पल डाव्या पायात घालायला लागला, पूर्ण अकरा मिनिटं, अंगठा बाहेर, परत काढ, उलटी करून तळवा बघ, जिभेचं टोक ओठात. मदतनीस ताई उठायला लागल्या तर मी हातानंच थांबवलं. शेवटी त्यानं दोन्ही चपला हातात घेतल्या अन् अनवाणी खिचडीला गेला.

फोर-के व्हिडिओ १०० एमबीपीएसवर (सेकंदाला १०० मेगाबिट) तासाला ४५ जीबी खातो, तेव्हा दुकानातून एक कार्ड जास्तीचं घ्याच. चार स्टार. परत त्यांच्याकडंच जाईन, फक्त तिथ्या सोडून. पिशवी अजून माझ्याकडंच आहे, त्यांनी मागितली नाही अन् मी पण विषय काढला नाही.