कुंटणखान्यावरचे दोन फ्रेंच सिनेमे: आधी कुठला बघाल?

बेर्त्राँ बोनेलोचा ‘लापोलोनिद’ (२०११) की मॅक्स ओफ्यूल्सचा ‘ल प्लेझिर’ (१९५२)? दोन्हींत एकोणिसाव्या शतकातला कुंटणखाना, मालकीण आणि तिच्याकडे धंदा करणाऱ्या मुली. पण ओफ्यूल्सचा कॅमेरा त्या घरात पाऊलच टाकत नाही आणि बोनेलोचा तिथून बाहेर पडायला तयार नाही.

‘ल प्लेझिर’मध्ये मोपासाँच्या तीन कथा आहेत, आपल्या कामाची मधली, सगळ्यात लांब. मादाम तेलिए भाचीच्या धर्मविधीसाठी मुलींना घेऊन गावी जाते, घराला कुलूप लागतं आणि गावातले प्रतिष्ठित पुरुष शनिवारी रात्री पोरक्यासारखे भटकतात. पुढे चर्चमध्ये त्या मुलींतल्या रोझाला रडू फुटतं आणि बघता बघता अख्खं चर्च मुसमुसायला लागतं. डानिएल दारिएने ते रडणं इतकं साधं केलंय की हसावं की डोळे पुसावेत कळत नाही. घराच्या आतलं मात्र खिडक्यांतून दिसेल तेवढंच. फ्रान्समध्ये असली घरं १९४६ मध्ये कायद्याने बंद झाली. सिनेमा त्यानंतर सहाच वर्षांनी आला. त्यातला हळवेपणा मला थोडा सोयीचा वाटतो.

‘लापोलोनिद’मध्ये ती सोय नाही. पॅरिस, १८९९-१९००. रात्री मखमल आणि शॅम्पेन. दिवसा अंघोळी, एकत्र जेवणं, डॉक्टरची तपासणी. प्रत्येकीच्या डोक्यावर मालकिणीचं कर्ज, आणि ते फिटत नाही तोवर दार उघडत नाही. मादलेनला एक गिऱ्हाईक पलंगाला बांधतं आणि तिच्या ओठांचे दोन्ही कोपरे सुरीने फाडतं. तो कायमचा ‘हसरा’ चेहरा घेऊन ती त्याच घरात राहते, कपडे शिवते. सहलीचा दिवस इथेही आहे, नदीकाठी, पण उन्हात त्या मुली किती कोवळ्या आहेत हे दिसतं आणि पोटात कालवतं. मध्येच १९६७ सालचं इंग्रजी गाणं वाजतं. पहिल्यांदा मला खटकलं, दुसऱ्यांदा त्याशिवाय तो प्रसंग कल्पता येईना. शेवटचा आजच्या पॅरिसमधला तुकडा मात्र नसता तरी चाललं असतं.

एकच बघायचा असेल तर ‘लापोलोनिद’. पण हिंसा सोसत नसेल, किंवा सोबत आईवडील बसणार असतील, तर बिनदिक्कत ओफ्यूल्स लावा. दोन्ही बघणार असाल तर जुना आधी: रोझाचं रडणं ताजं असताना मादलेनचं हसू बघा.